हलका पडलेला शब्द

कोर्टात दुभाषी म्हणून बाईंना अकरा वर्षं झाली होती. साक्षीदार आपल्या भाषेत बोलला की न्यायाधीशांना ते इंग्रजीत सांगायचं. पदरचं घालायचं नाही, काही गाळायचं नाही. त्यांच्या कामाला कुणी कधी नावं ठेवली नव्हती.

त्या दिवशी साक्षीला शिवणकाम करणारी एक आजी उभी होती. वीजमीटरचा अर्ज आहे म्हणून पुतण्याने तिची सही घेतली आणि राहत्या दोन खोल्या स्वतःच्या नावावर करून टाकल्या, अशी तिची तक्रार होती.

"काय सांगू? गंडवलं मला त्यानं," आजी म्हणाली.

बाई पटकन इंग्रजीत बोलून गेल्या, "ही फूल्ड मी."

पुतण्याच्या वकिलाने तेवढंच धरलं आणि इंग्रजीतच म्हणाला, "म्हणजे थट्टा केली म्हणा की! काकू-पुतण्यात एवढं चालायचंच."

मागच्या बाकांवर खसखस पिकली. आता हेही बाईंनाच आजीला सांगायचं होतं. त्यांनी सांगितलं.

आजीचा चेहरा उतरला. "थट्टा? अहो, मी थट्टा कधी म्हटलं?"

थट्टा आजीच्या बोलण्यात नव्हतीच, ती त्यांच्या शब्दातून आली होती. चूक कबूल करावी, तर यापुढे कुणीही वकील त्यांच्या प्रत्येक वाक्यावर बोट ठेवणार. गप्प बसावं, तर म्हातारीच्या खोल्या जाणार. त्यांनी हात वर केला.

"साहेब, चूक माझी आहे. मी सांगितलेला शब्द हलका पडला."

"मग बरोबर कोणता?" न्यायाधीशांनी विचारलं.

"पत्त्यांच्या डावात कुणी गंडवलं, तर 'फूल' चालेल. विश्वासाच्या माणसाने खोटं सांगून फसवलं, तर 'डिसीव्ह'. आमच्याकडे दोन्हीला 'गंडवणं' म्हणतात. यांच्या मनात कुठलं आहे, ते त्यांनाच विचारावं."

न्यायाधीशांनी विचारलं.

"मला बारीक अक्षर दिसत नाही," आजी म्हणाली, "म्हणून त्यालाच वाचायला सांगितलं. त्यानं वाचलं एक आणि सही घेतली भलत्यावरच. अंगाखांद्यावर खेळवलेलं पोर हो ते! याला तुमच्यात काय म्हणतात, ते तुम्ही बघा."

"डिसीव्ह," असं म्हणत न्यायाधीशांनी लिहून घेतलं.

वकिलाने दुभाषी बदलून मागितला. तो मिळाला नाही, पण भाषांतरात चूक केल्याची नोंद बाईंच्या फाइलला लागली. साक्ष संपेपर्यंत त्यांचे कान तापलेले होते.

बाहेर व्हरांड्यात आजीने त्यांना गाठलं. "बाई, काय तो तुमचा शब्द?"

"डिसीव्ह."

आजीने तो दोनदा घोळवून पाहिला. "मेला, ऐकायला किती गोड आहे!"

बाईंना हसू आवरेना.

तीन महिन्यांनी कारकुनाने येऊन सांगितलं, तो कागद रद्द झाला, खोल्या आजीकडेच राहिल्या. "आता तुमचा तो शेरा काढायला अर्ज करा की," तो म्हणाला.

"असू दे," बाई म्हणाल्या आणि पुढच्या साक्षीदाराचं नाव पुकारलं गेलं तशा आत गेल्या.