गंगेवरचं दार

गंगेचा पूर ओसरला तेव्हा टाळकुटेश्वर पुलाच्या खालच्या अंगाला, बायका धुणं धुतात तिथं, एक दार उभं होतं. चौकटीसकट, कडीसकट, गाळात घट्ट रुतलेलं. कुणाच्या घरचं ते कळायला मार्ग नव्हता. दोन्ही बाजूंना इतकी मोकळी जागा, की बैलगाडी गेली असती.

सुरुवातीला सगळे बाजूनेच जायचे. मग पुलावर फुलं विकणारा भिका दार ढकलून नदीवर गेला आणि येताना ते नीट लोटून आला. दार असताना बाजूने घुसणं बरं दिसत नाही, म्हणाला. ते वस्तीला पटलं. लोक बाहेर चपला काढू लागले. नदीला ‘आत’ म्हणू लागले.

एका सकाळी मालनबाई धुणं घेऊन आत गेली आणि तिने कडी लावली. तिच्या एका खोलीत आठ माणसं. आतून कडी लावून निवांत बसणं तिला जन्मात मिळालं नव्हतं. धुणं बाजूला ठेवून ती पाण्यात पाय सोडून बसली. बाहेर बायका बोचकी घेऊन खोळंबल्या. मालनबाई बाजूने स्पष्ट दिसत होती, म्हणून त्या पाठ करून उभ्या राहिल्या.

शेवटी तिची थोरली जाऊ यशोदाबाई आली. दोघींचा अबोला होता. एका लग्नात यशोदाबाईचे मांडे चामड्यासारखे झालेत, असं मालनबाई पाहुण्यांसमोर बोलली होती. यशोदाबाईने दार वाजवलं.

“कोण हाये?”

“मी.”

“मी कोण?”

यशोदाबाईने पूर्ण नाव सांगितलं, नवऱ्याच्या नावासकट.

“काय काम हाये?”

“धुणं हाये.” तिने बोचकं खाली ठेवलं. “आन् ते मांडे चिवटच झाले होते.”

कडी निघाली. मालनबाईने पदर सारखा केला, या म्हणाली, आणि पाय धुवायला नदीतलं तांब्याभर पाणी आणून दिलं. बाकीच्या बायकाही मग एकेक करून आत आल्या.

दुपारी पुराचा राडारोडा उचलायला महापालिकेची गाडी आली. माणसांनी दार वाजवलं. यशोदाबाईने फटीतून सांगितलं, आत बायका आहेत, मागाहून या. ती माणसं गाडीत बसून थोडा वेळ थांबली, मग निघून गेली.

आत दोघी जावा चादरीची दोन टोकं धरून पीळ घालत होत्या.