डब्याच्या बुडाशी नाव

उपासनाकाकूंच्या अमेरिकेतल्या, नोव्हाय गावच्या घरात जातीपातीला थारा नव्हता, पण डब्यांची मात्र कडक उतरंड होती. सगळ्यात खाली दह्याचे आणि आइसक्रीमचे रिकामे डबे. ते नव्या विद्यार्थ्यांसाठी, कारण विद्यार्थ्याकडे गेलेला डबा परत येईल आणि अमेरिकेत आलेला भाचा परत जाईल याची खात्री कोणी द्यावी? त्यांच्यावर काचेचे, ते नवऱ्याच्या ऑफिसातल्यांसाठी. आणि सगळ्यात वर स्टीलचे, लग्नात आईनं बुडाशी नाव घालून दिलेले. भांडीवाल्याच्या मशीननं टिपक्याटिपक्यांनी कोरलेलं ‘उपासना’. स्टीलचा डबा मिळणं म्हणजे त्या घरचं नागरिकत्व मिळणं. वीस वर्षं मंडळात असलेल्या दिगंबररावांनाही ते अजून मिळालेलं नव्हतं, कारण त्यांच्या बायकोनं एकदा काचेच्या डब्याचं झाकण हरवलं होतं.

धम्मदीपला ते दुसऱ्याच महिन्यात मिळालं.

पोरगा बल्लारपूरचा, इथं एम. एस. करायला आलेला. भीमजयंतीच्या कार्यक्रमात माइक बंद पडला की मंडळातले चार इंजिनियर चार बाजूंनी सल्ले द्यायचे आणि हा गुपचूप खाली वाकून वायर लावायचा. डबा कधी रिकामा परत आणायचा नाही. एकदा दोन संत्री, एकदा मॅगीचं पाकीट, एकदा नुसतेच फुटाणे.

“हे कशाला रे?” काकू म्हणायच्या.

“आई म्हणते, रिकामं भांडं परत देऊ नये.”

“आई शिक्षिका ना? मग आईचं ऐकायचं, पण मॅगी तुझी तूच खा. बरगड्या मोजता येतात तुझ्या.”

गेल्या वर्षी मार्चच्या सुट्टीत तो नाहीसा झाला. महिनाअखेर कॉलेजमागच्या तळ्याचं बर्फ सुटलं, तेव्हा सापडला. डोक्याला मागून मार होता. पडून लागलेला की कोणी मारलेला, ते डॉक्टरांना सांगता आलं नाही. फोन मिळाला नाही. अंगात जाकीट होतं ते त्याचं नव्हतं. कोणाचं, तेही कळलं नाही.

आणि आता वर्षानं, फाइल बंद करण्याआधी घरच्यांना समोर बसवून सांगायचं म्हणून पोलिसांनी त्याच्या आईला वेळ दिली होती. संघमित्राताई दुसऱ्यांदा अमेरिकेत आल्या. पहिल्यांदा मुलाला न्यायला आल्या होत्या, या खेपेला एका शब्दासाठी. पोलिसांच्या ईमेलात तो शब्द होता: आत्महत्या, बहुधा.

“मला हे ‘बहुधा’ समजावून द्या म्हणावं,” त्या काकूंच्या स्वयंपाकघरात उभ्या राहून म्हणाल्या. “शाळेत पेपर तपासताना मी नाही जी कोणाला बहुधा नापास करत.”

काकूंनी पोळी तव्यावर टाकली आणि ती करपेपर्यंत उलटली नाही.

कारण काकूंना एक गोष्ट माहीत होती. ती त्यांना वर्षभर माहीत होती, फक्त तिची किंमत माहीत नव्हती.

झालं होतं असं. सुट्टीवरून परत आलेला धम्मदीपचा रूममेट ऋषी खोलीत शिरला, तर हा नाही, फोन बंद. अशा वेळी आपल्या मुलांची एक रीत असते: आधी काका, मग काकू, मग व्हॉट्सॲपचा ग्रुप आणि सगळ्यांचं सांगून झालं की पोलीस. ऋषीनं काकूंच्या नवऱ्याला, भानुदासकाकांना फोन केला. काका-काकू गाडी काढून तासाभरात पोचले. काका बाल्कनीत उभे राहून ओळखीच्या सगळ्यांना फोन लावत बसले. त्यातलाच एक बल्लारपूरला. पलीकडून आई म्हणाली, “मी येते.”

झालं. काकूंच्या डोक्यात ते एकच वाक्य राहिलं. आई येणार. आणि खोलीची ही दशा! गादीवर चादरीचं बोचकं, खुर्चीवर कपड्यांचा ढीग, सिंकमध्ये खरकटं, कचऱ्याची पिशवी ओसंडलेली. येणाऱ्या बाईला पोराचा संसार असा दिसावा? काकूंनी बाह्या वर केल्या. चादरी मशीनला लावल्या, कपड्यांच्या घड्या केल्या, भांडी घासली, ओटा पुसला, फ्रिजमधलं शिळं फेकलं, कचरा खाली टाकून आल्या. ऋषीनं व्हॅक्यूम फिरवला. तो “काकू, राहू द्या ना” असं म्हणाला होता, पण ते संकोचानं. काही कळून नव्हे.

पोलीस दुसऱ्या दिवशी सकाळी आले. खोली आरशासारखी होती.

“इथं कोणी काही हलवलंय?” ऑफिसरनं विचारलं.

हाउसिंग असोसिएशनला कुंपणाच्या उंचीवरून तीन-तीन पानी ईमेल लिहिणारे भानुदासकाका गणवेश पाहिला की निम्मे होत. ऑफिसरचं वाक्य पुरं होण्याआधी ते म्हणाले, “नो सर. नथिंग, सर.” गाडीत काकूंनी विचारलं, तेव्हा म्हणाले, “अगं, धम्मदीप व्हिसावर आहे इथं. तू साफसफाई केलीस म्हटलं की दहा प्रश्न. परत आला की हसेल आपल्याला.”

तो परत येईल हा हिशेब दोघांनीही पक्का धरला होता. पुढचं सगळं त्यावर मांडलेलं. तो तसा सापडला, तेव्हा एका साफसफाईनं काय फरक पडणार म्हणून ‘नथिंग, सर’ तसंच राहिलं.

ताईंना वेळ दिलेली डिटेक्टिव्ह केलर पन्नाशीची, हळू बोलणारी बाई होती. टेबलावर टिश्यूचा खोका आधीच ठेवलेला. दुभाष्या फोनवर मिळेल असं तिनं कळवलं होतं, पण काकांनी उत्साहानं लिहिलं होतं की गरज नाही, माझी पत्नी करेल. तेव्हा खुर्च्यांची मांडणी अशी झाली: समोर केलर, इकडे संघमित्राताई, मध्ये काकू, आणि कडेला काका, मांडीवर हात ठेवून.

केलर थोडं बोलायची, थांबायची. काकू मराठी करायच्या.

“भांडणाचा पुरावा नाही म्हणतात. खोलीत जबरदस्तीनं कोणी शिरलं नाही.”

“बरं.”

“जाकिटाचं कळलं नाही. कॉलेजात पोरं एकमेकांची घालतात, म्हणतात.”

“बरं.”

मग केलरनं फाइलमधून फोटो काढून ताईंसमोर सरकवले आणि आवाज आणखी खाली आणला. काकूंना प्रत्येक शब्द कळला, पण त्या फोटोंकडेच पाहत राहिल्या.

“काय म्हणाल्या?” ताईंनी विचारलं.

“म्हणतात... खोली फार व्यवस्थित होती. चादर बदललेली. कपड्यांच्या घड्या. भांडी घासलेली. कचरासुद्धा टाकलेला.” काकूंनी फोटोवरची नजर काढली. “म्हणतात, जायचं ठरवलेली माणसं पुष्कळदा असं करतात. मागं कोणाला त्रास नको म्हणून. सगळं आवरून जातात.”

संघमित्राताईंनी फोटो जवळ घेतला. चष्मा वर करून पाहिला. आणि त्या चक्क हसल्या. वर्षभरात काकूंनी त्यांना हसताना पाहिलं नव्हतं.

“ताई, सांगा यांना. माह्या पोराला चादरीची घडी येत नव्हती. चौथीत असल्यापासून शिकवते मी. दोन टोकं धरायचा न् तिसरं सोडायचा. हे त्याचं काम नाही.” मग हसू विझलं. “का इथं येऊन शिकला असेल? मरायसाठी शिकला असेल?”

टेबलाखाली काकांचा बूट काकूंच्या पायाला लागला. संसारात असे बूट पुष्कळदा लागतात आणि शहाण्या बायका ते ऐकतात. काकूंनी पाय मागे घेतला.

“मी केलं ते,” त्या मराठीत म्हणाल्या. मग केलरकडे वळून इंग्रजीत. मग पुन्हा ताईंकडे. “तुम्ही येणार म्हणालात ना फोनवर. मला वाटलं, तुम्हाला खोली बरी दिसावी.”

काकांनी डोळे मिटून घेतले. केलरनं पेन उचललं. कोणी रागावलं असतं तर काकूंना सोपं गेलं असतं, पण केलरनं फक्त विचारलं, साफ करण्यापूर्वी काय काय होतं?

काकू आठवत गेल्या. आठवायला काय, गेले वर्षभर त्या सिंकपाशी उभ्या राहिल्या की तेच समोर यायचं. सिंकमध्ये दोन ताटं होती. एक चाटूनपुसून साफ, दुसऱ्यात अर्धा भात तसाच, कालवून टाकलेला.

“ऋषी तर सुट्टीवर होता,” ताई सावकाश म्हणाल्या. “अन् धम्मदीप शीत टाकत नव्हता ताटात.”

“हो.”

“म्हणजे त्यानं कोणाला तरी जेवू घातलं.”

“हो. आणि माझा डबा नव्हता. स्टीलचा. मी आदल्याच आठवड्यात वांग्याची भाजी दिली होती त्यातून. भांडी घासताना शोधला मी. वाटलं, दिला असेल कोणाला भरून.” काकूंना आता इंग्रजी सुचेना. त्यांनी हातानं टेबलावर गोल काढला आणि त्याच्या खाली बोटानं टिपके. डब्याच्या बुडाशी माझं नाव आहे, आमच्या लिपीत. असं त्यांनी कसंबसं सांगितलं. केलरनं त्यांना ते नाव कागदावर लिहायला लावलं.

“हे तेव्हाच कळायला हवं होतं,” केलर म्हणाली. टोमणा नव्हता. ताटावर बोटांचे ठसे होते, पेल्याला कोणाचे ओठ लागलेले होते, कचऱ्यात काय काय होतं कोण जाणे. ते सगळं काकूंनी गरम पाण्यानं, साबण लावून, अगदी मनापासून धुतलं होतं.

फाइलवरचा शब्द बदलला. आत्महत्येच्या जागी ‘कारण अनिश्चित’ आलं आणि फाइल बंद झाली नाही. उघडी राहिली इतकंच. तिच्यात घालायला नवं काही नव्हतं. ऋषीला पुन्हा बोलावलं, वर्गातल्या पोरांना विचारलं. स्टीलचा डबा कोणी पाहिला नव्हता.

परतीच्या दिवशी काकूंनी पहाटे उठून दशम्या केल्या. खूप वेळ कपाटासमोर उभ्या राहिल्या. मग सगळ्यात वरचा डबा काढून, भरून संघमित्राताईंच्या हातात दिला.

ताईंनी तो घेतला, उलटा केला, बुडाशी नाव वाचलं आणि परत ओट्यावर ठेवला.

“पिशवीत द्या, ताई. मी डबा परत कधी करणार?”

आवाजात राग नव्हता. दारातून जाताना त्यांनी हात जोडले, “जय भीम” म्हणाल्या आणि गाडीत मागे बसल्या. विमानतळापर्यंत भानुदासकाका हवामानावर बोलत राहिले.

यंदाच्या जयंतीला शाळेचा हॉल नेहमीसारखा भरला. वंदना झाली, भाषणं लांबली, माइक दोनदा बंद पडला आणि चार इंजिनियरांनी चार सल्ले दिले. वायर लावायला कोणी वाकलं नाही. जेवणाच्या टेबलावर घराघरांतून आलेल्या डब्यांची रांग लागली आणि काकू त्या रांगेपाशी जाऊन डब्यांची बुडं पाहू लागल्या.

“उपासना, डबे हरवले की काय गं तुझे?” दिगंबररावांची बायको मालिनी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. “का माझंच झाकण शोधत्येस अजून?”

बायका हसल्या. काकूही हसल्या. लोकांच्या खात्यात आपण चिक्कू म्हणून जमा आहोत हे त्यांना कळत होतं आणि ते त्यांनी खोडलं नाही. त्यांनी एक गरम डबा रुमालानं धरला, किंचित तिरका केला, खालून पाहिलं. तिथं दुसऱ्याच कोणाचं नाव होतं. रस्सा सांडू न देता त्यांनी तो जागेवर ठेवला आणि पुढचा उचलला.