झिजलेल्या टोकाची मापकाठी

त्या सोमवारी बाबांनी नेहमीसारखं मला आधी ओल्या आणि मग कोरड्या फडक्यानं पुसलं, व्हरांड्यातल्या दोन खुंट्यांवर ठेवलं आणि आत पाहून विचारलं, "निकालाचं काही कळलं का गं?"

"नाही," लेक स्वयंपाकघरातूनच म्हणाली.

गेले दोन महिने दोघांत एवढंच बोलणं उरलं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी बाबा उठलेच नाहीत.

मित्रांनो, मी चौदा फुटी सागवानी मापकाठी. एका सुताराने मला रंधून गुळगुळीत केलं, रंगाऱ्याने अंगावर फुटांचे आकडे काढले आणि तळाला लोखंडी टोपी बसली. बाबा नदीमापक होते. दर सोमवारी नावाडीकाकांच्या होडीतून ते पुलापाशी जायचे, मला तळाला टेकवायचे आणि खांबावरच्या लाल रेघेपासून तळ किती खाली आहे ते वहीत लिहायचे.

"नदी काय पळून चाललीय का, दर आठवड्याला मापायला?" काका चिडवायचे.

"नदी नाही, तिचा तळ पळतोय," बाबा म्हणायचे.

खरंच पळत होता. ठेकेदाराची वाळू उपसणारी यंत्रं आल्यावर सात फुटांचे अकरा झाले. काठावरच्या विहिरी आटल्या, पुलाचे पाय उघडे पडले. तरी अधिकारीसाहेबांनी आणखी उपशाची परवानगी देणारा आदेश काढला. गाव कोर्टात गेलं. हाताशी होती ती बाबांची वही.

लेक तिची स्वच्छ नक्कल करायला बसली आणि एका पानावर थबकली. त्यावर लिहिलं होतं, 'आज काठी पोलादी टेपने तपासली. टोपी दोन बोटं झिजली आहे. दोन वर्षं तपासायची राहिली. तेवढ्या काळातली मापं दोन बोटांपर्यंत जास्त असू शकतात. चूक माझी.'

"बाबा, हे पान जोडायचं नाही. ते लोक ह्याच पानावरून तुम्हाला धोपटतील."

"पान काढलंस तर ती माझी वही राहणार नाही."

"चार फुटांपुढे दोन बोटं ती काय! तुमच्या हट्टापायी गाव हरेल."

बाबांनी वही मिटून तिच्या हातात दिली. सगळी पानं धरून.

मला काही कोर्टात नेलं नाही. चौदा फुटांची मी मावणार कुठे? त्या दिवसांत बाबांचे गुडघे धरले होते, म्हणून लेक आणि काका गेले. परतल्यावर काकांनी व्हरांड्यात सगळं सांगितलं. ठेकेदाराचा वकील हसत म्हणाला होता, "झिजक्या काठीचं माप आणि झिजक्या माणसाची वही!" लेक आत निघून गेली. बाबा माझ्या टोकावरून अंगठा फिरवत राहिले. मला तेव्हा फार लाज वाटली.

बाबा गेल्यावर तीन आठवड्यांनी निकाल आला. व्हरांड्यात काका ऐकायला बसले आणि लेक वाचू लागली. न्यायाधीशांनी लिहिलं होतं, 'नदी किती खणायची, हे ठरवणं आमचं काम नाही. ज्याने ठरवलं त्याने आधी माप पाहिलं की नाही, हे पाहणं आमचं काम आहे. अधिकाऱ्यांनी ही वही उघडलीसुद्धा नव्हती. वही अविश्वसनीय आहे, असं आम्हांला सांगण्यात आलं. पण जो माणूस आपल्या काठीची दोन बोटं झीज स्वतःच्या हाताने लिहून ठेवतो, त्याच्या उरलेल्या पानांवर विश्वास न ठेवण्याचं कारण आम्हांला दिसत नाही.' आदेश रद्द झाला होता. आता नवं माप घेऊनच नवा निर्णय व्हायचा होता.

"वाच, परत वाच," काका म्हणाले.

मित्रांनो, मोजणाऱ्या वस्तूला जपा. तिला पुसा, वेळच्या वेळी तपासा. आणि ती झिजलीच, तर तसं लिहून ठेवा. त्यात तिचा अपमान नसतो. हे मला बाबांनी शिकवलं.

काका गेल्यावर लेकीनं मला खुंट्यांवरून उतरवलं. आधी ओल्या आणि मग कोरड्या फडक्यानं पुसलं. माझ्या झिजलेल्या टोकावरून अंगठा फिरवला. मग रिकाम्या व्हरांड्यात, कुणी समोर असावं तशी, स्पष्ट म्हणाली,

"बाबा, ते पान ठेवलंत ते बरं केलंत. मी चुकले होते."