दोनदाच्या तीन चिठ्ठ्या

गोदामाच्या दारावर पाटी होती, 'अपघाताविना दिवस'. तिच्याखालचा आकडा मुकादम रोज सकाळी स्वतःच्या हाताने बदलायचा. तीनशे भरले की सगळ्यांना बायकामुलांसह सहलीला न्यायचं मालकांनी कबूल केलं होतं. आकडा दोनशे एकोणनव्वदवर आला होता.

दाराशीच एक पेटी होती. काही होता होता टळलं, तर चिठ्ठी लिहून तिच्यात टाकायची. पण चिठ्ठी पडली की तपासणीवाले यायचे, काम थांबायचं आणि आकडा पुन्हा शून्यावर यायचा. म्हणून मुकादमाने आपली एक रीत पाडली होती. चिठ्ठी आधी माझ्या हातात द्या, पेटीत मी टाकतो. टाकतो कसला, त्याच्या टेबलाच्या खणात त्या झोपी जायच्या.

सगळ्यात जास्त चिठ्ठ्या त्याच्याच मेहुण्याच्या. धाकट्या बहिणीचा हा नवरा दुसऱ्या मजल्यावर, मालाच्या लिफ्टशी कामाला होता. कुठलीही गोष्ट दोनदा बघायची सवय, म्हणून सगळे त्याला 'दोनदा' म्हणत.

"काय रे दोनदा, सकाळी उठल्यावर बायको तीच होती ना?" हमाल चिडवायचे.

"दोनदा बघितली. तीच निघाली, काय करणार!"

त्या महिन्यात त्याने एकाच गोष्टीच्या तीन चिठ्ठ्या दिल्या. लिफ्ट खाली असली तरी वरच्या दाराची जाळी उघडते. जाळी अडवून धरणाऱ्या खटक्याची स्प्रिंग गेली आहे.

"अकरा दिवस कळ काढा, मेहुणे," मुकादम म्हणाला. "सहल होऊ दे, मग अख्खी जाळी बदलून देतो."

चौथ्या दिवशी मेहुण्याने पुन्हा विचारलं. मुकादम फोनवर बोलत होता. त्याची पीडा टळावी म्हणून हात हलवत म्हणाला, "झालं, झालं. कालच बसवली."

भरलेली ढकलगाडी लिफ्टमध्ये पाठमोरंच ओढत न्यावी लागते. जाळी उघडली म्हणजे लिफ्ट आली, असं धरून मेहुणा एक पाऊल मागे सरला. त्या एकाच वेळी त्याने दुसऱ्यांदा बघितलं नाही.

आठवड्याने चौकशीच्या बाई आल्या. त्याआधी मॅनेजर मुकादमाला कोपऱ्यात घेऊन म्हणाला होता, "खण रिकामा करून टाका. गेलेला माणूस काही परत येत नाही." कागदावर मजकूर तयार होता. मयताचा निष्काळजीपणा. खाली बहिणीची सही तेवढी हवी होती.

बहिणीने पेन हातात घेतलं आणि खाली ठेवलं.

"दादा, हे लोक म्हणतात, त्यांनी बघितलंच नाही. गॅस बंद आहे का म्हणून अंथरुणातून उठून जाणारा माणूस तो! तू तर इथलाच आहेस. तू सांग ना यांना."

मॅनेजर मुकादमाकडेच बघत होता. उठायला त्याला फार वेळ लागला. मग त्याने खण ओढला आणि तिन्ही चिठ्ठ्या बाईंसमोर ठेवल्या.

चिठ्ठीवर शेवटी छापील प्रश्न असतो, 'पुन्हा होऊ नये म्हणून काय करावं?' बाईंनी उत्तरं मोठ्याने वाचली. पहिल्या दोन्हींवर होतं, 'स्प्रिंग बदला.' तिसरीवर होतं, 'मुकादमांना सांगितलं आहे. ते करतील.'

"म्हणजे तुला माहीत होतं," बहीण म्हणाली.

"हो. आणि बदलली, असं मीच त्याला सांगितलं."

बाईंनी तेही लिहून घेतलं. तयार कागद मॅनेजरने हळूच मागे ओढला. बहिणीने तिसरी चिठ्ठी मागून घेतली. वाचली. उजेडाकडे धरून पुन्हा एकदा वाचली.

"ही मला मिळेल?"

"नाही हो ताई," बाई खालच्या आवाजात म्हणाल्या. "फाइलला लावावी लागेल."

तिने चिठ्ठी घडीवर घडी घालून परत दिली आणि पदर सावरून उठली. भावाकडून निघताना "येते रे दादा" म्हटल्याशिवाय तिचं पाऊल कधी उंबऱ्याबाहेर पडलं नव्हतं.

मुकादम तिच्या तोंडाकडे बघत उभा राहिला. ती गेली.