गाण्यातून कापलेलं नाव

आमच्याकडे वायेनातो ही अकॉर्डियनवरची लोकगाणी गाणारा माणूस भर गाण्यात कुणाचं तरी नाव घेऊन हाळी देतो. कधी मित्राला, कधी व्याह्याला, कधी एखाद्या बड्या जमीनदाराला. तीस वर्षं मी टीव्हीसाठी संगीताचे कार्यक्रम आणि चित्रपट काढले, आणि तीस वर्षं ही नावं कापली. राजधानीतल्या, बोगोटातल्या प्रेक्षकाला आमच्या व्हियानुएव्हा गावच्या जमीनदाराशी काय देणंघेणं? गाणं कसं स्वच्छ हवं. त्यावर बक्षिसं मिळाली, आणि मला त्याचा माजही होता. खोटं कशाला बोलू?

या खेपेला चित्रपट होता आबिमाएल मास्तरांवर. ऐंशीच्या घरातले, पण अकॉर्डियनवर बोटं अजून तरणी. चित्रीकरण संपलं आणि महिन्याभरात त्यांच्या घशाचं ऑपरेशन झालं. आवाज गेला. शनिवारी टीव्हीवर चित्रपट दाखवायचा होता आणि त्यांची संमतीची सही राहिली होती, म्हणून गुरुवारी सकाळीच मी आमच्या साउंडवाल्या होल्मानला घेऊन त्यांच्या अंगणात हजर झाले.

आंब्याखाली लॅपटॉप मांडला. तिसरं गाणं चालू असताना मास्तरांनी हात वर केला. मांडीवरची पाटी घेऊन लिहिलं, "तार्सिसिओ कुठंय?"

"ती हाळी होय? काढली मी, मास्तर," मी सवयीनं हसले. "तुम्ही दुसऱ्यांदा गायलात त्यातला तुकडा जोडलाय. बघा ना, कळतसुद्धा नाही."

त्यांची मुलगी लुसेलिस कॉफी घेऊन आली होती. तिनं पेला आदळलाच.

"बाई, तार्सिसिओ म्हणजे माझे काका. बावीस वर्षांपूर्वी जमिनीवरून भांडले आणि सीमेपलीकडे माराकाइबोला निघून गेले. फोन घेत नाहीत, पत्र आलं तसं परत पाठवतात. पण बाबांचं गाणं लागलं की ऐकतात. तिकडून येणारे सांगतात ना! नाव आलं की घास हातातच राहतो म्हणे. दोघा भावांत तेवढंच उरलंय, आणि तुम्ही ते कापलंत?"

मी होल्मानकडे पाहिलं. तो खाली मान घालून म्हणाला, "मूळ रेकॉर्डिंग पुसलं, मॅडम. पुढच्या शूटिंगला मेमरी कार्ड रिकामं हवं म्हणून तुम्हीच सांगितलंत."

मीच सांगितलं होतं. इतकी शरम मला आयुष्यात वाटली नव्हती.

"मी देते हाळी," मी म्हणाले. "माझ्या आवाजात. म्हणते, तार्सिसिओ, तुझा भाऊ आबिमाएल तुझी आठवण काढतोय."

मास्तरांनी पाटी पुसली. मग लिहिलं, "दुसऱ्यानं माझ्या वतीनं हाक मारली, तर तो समजेल मी मेलो."

मी लॅपटॉप मिटायला घेतला. "राहू द्या, मास्तर. सही नको. शनिवारी दुसरं काहीतरी दाखवतील. चूक माझी आहे."

त्यांनी माझं मनगट धरलं आणि होल्मानच्या माइककडे बोट केलं.

"बाबा, नको ना," लुसेलिस म्हणाली. मग माझ्याकडे वळून हळूच, "ऑपरेशन झाल्यापासून घरच्यांशीसुद्धा बोलले नाहीत. उरलाय त्या आवाजाची त्यांना लाज वाटते."

होल्माननं माइक पुढे धरला. मास्तरांनी मान ताणली, डोळे मिटले. आधी नुसती हवा आली. चौथ्या प्रयत्नाला दाराची गंजलेली बिजागरी करकरावी तसं काहीतरी बाहेर पडलं. त्यात नाव होतं. "तार्सिसिओ! ए तार्सिसिओ, भावा!"

होल्माननं ते तिथेच गाण्यात बसवलं. त्या स्वच्छ, सुरेल गाण्याच्या मधोमध ती करकर. "घरघर जरा साफ करू का, मॅडम?" त्यानं विचारलं. मीच शिकवलं होतं त्याला.

"हात लावू नकोस," मी म्हणाले.

आम्ही हेडफोन मास्तरांच्या कानाला लावले. ऑपरेशननंतरचा आपला आवाज ते पहिल्यांदाच बाहेरून ऐकत होते. त्यांचा हात हेडफोनकडे गेला. मला वाटलं, आता हेडफोन काढून फेकतील. पण ते शेवटपर्यंत ऐकत राहिले, कागदावर सही केली, आणि पाटी ओढून होल्मानसाठी दोन शब्द लिहिले.

"आणखी मोठ्यानं."