साक्षीचा परवचा

देवघरातल्या समईचा उजेड आत्याच्या चष्म्याच्या काचेवर थरथरू लागला की तिचा आवाज सुरू होई. आधी श्लोक, मग पाढे, मग तिथी-नक्षत्रे, आणि सर्वांच्या शेवटी, त्याच लयीत, त्याच संथपणे, खुनाची साक्ष. "शाम के साढ़े छह बजे थे. मैं ओटले पर बैठी थी. मेरा भाई बालकृष्ण गली में आया."

धारला, गल्लीत गाडी लावण्यावरून झालेल्या भांडणात, शेजाऱ्याने बाळूकाकाला, म्हणजे आत्याच्या धाकट्या भावाला, तिच्या डोळ्यांदेखत भोसकले. पाहणारी ती एकटीच. आरोपी जामिनावर सुटला तेव्हा मी तिला देवासला आमच्या घरी आणले. दिवेलागणीला परवचा म्हणायची आमची चाल पूर्वजांबरोबर माळव्यात आली आणि टिकली. रोज म्हटलेले माणूस विसरत नाही, ही आत्याची श्रद्धा. म्हणून डॉक्टरांनी तिच्या विस्मरणाच्या आजाराचे नाव सांगितले, त्याच संध्याकाळी तिने साक्ष परवच्यात घातली. बाकी सारे मराठीत, साक्ष तेवढी हिंदीत, कोर्टासाठी. मला तिचे कौतुक वाटे. याने काही बिघडेल असे माझ्या मनातही आले नाही.

धारची तारीख म्हणजे पहाटेची बस, इंदूरला दुसरी, आणि दुपारी रिकाम्या हाताने परत. कधी वकील आजारी, कधी कागद आलेला नाही. "माताजी, अगली तारीख ले लो," असे कारकून सांगे, आणि ती त्यालाच आशीर्वाद देऊन उठे. माझ्या मात्र तळपायाची आग मस्तकात जाई. बसच्या खिडकीबाहेर गहू उभा राही, पिवळा पडे, कापला जाई. पळस पेटून विझे. आणि इकडे तिच्यातून आधी शेजारणींची नावे गेली, मग औषधांच्या वेळा, मग माझ्या मुलीचे नाव. अखेर आम्ही उच्च न्यायालयात अर्ज केला, की साक्षीदार विसरत चालली आहे, खटला लवकर चालवावा. आमचे वकील कचरत होते. "भिया, ये लिख दिया तो सामनेवाला यही पकड़ेगा." तरी लिहिले, कारण खरे तेच होते. आदेश झाला: आत्याची साक्ष सर्वांत आधी, महिनाभराच्या आत.

त्या दिवशी पिंजऱ्यात उभी राहून ती अडखळली नाही. वेळ, ओटला, गल्ली, सुरी, सारे ओळीने आले, जसे घरी येई तसेच, त्याच हेलात. आरोपीचे वकील हसले. "साहब, ये तो रटाया हुआ बयान है." इतक्या संध्याकाळी मी शेजारी बसून ऐकले होते, आणि ती पढवलेली वाटेल हे मला एकदाही दिसले नव्हते. आत्या मात्र शांतपणे म्हणाली, "हाँ, रोज बोलती हूँ. भूलने लगी हूँ ना, बेटा."

न्यायाधीशांनी पेन खाली ठेवले. ती रोज म्हणते त्यात नसलेले, त्या दिवसाचे आणखी काही आठवते का, असे त्यांनी हळूच विचारले. लाकडी कठड्यावर तिची बोटे उघडत होती, मिटत होती.

"उसके हाथ में मेथी की जूड़ी थी," ती म्हणाली. हेल आता उरला नव्हता. "गिरने से पहले मुझे पकड़ाई, कि जीजी, सम्हालो. मैं मेथी पकड़े खड़ी रही. उसको नहीं पकड़ा."

हे तिने आजवर आम्हाला कुणालाच सांगितले नव्हते. न्यायाधीशांनी ते शब्दशः लिहून घ्यायला सांगितले. समोरच्या वकिलांनी पुढे काही विचारले नाही.

बाहेर व्हरांड्यात ती बाकावर टेकली. चेहरा इतका निवांत मी कित्येक महिन्यांत पाहिला नव्हता. पाणी प्यायली, पदराने तोंड टिपले आणि माझ्याकडे वळून म्हणाली, "झालं ना रे सगळं नीट? मग बाळूला हाक मार. केव्हाचा कुठं राहिलाय तो?"

मी उठलो. व्हरांड्याच्या टोकापर्यंत गेलो आणि तिथेच उभा राहिलो. माणूस एकदाच जातो. त्याचे जाणे मात्र मागे कुणाला तरी रोज धरून ठेवावे लागते, आणि इतकी वर्षे ते एकटीने धरून थकलेल्या आत्याने त्या दुपारी ते, न सांगता, माझ्या हातात दिले होते.