मतलब नको, सगळं सांगा

मित्रांनो, मी एक जुनी खुर्ची आहे, पण मला बिचारी म्हणू नका. मला हात नाहीत, गादी नाही, आणि माझे पाय इतर खुर्च्यांपेक्षा वीतभर उंच आहेत. मुंबईच्या उपनगरातल्या एका कोर्टात, साक्षीदाराच्या पिंजऱ्याला खेटून माझी जागा आहे. ज्याची भाषा कोर्टाला कळत नाही, त्याचं बोलणं कोर्टाच्या भाषेत आणणारा माणूस माझ्यावर बसतो. मी दुभाष्याची खुर्ची आहे.

कुर्ल्याच्या एका सुताराने मला सागवानातून घडवलं. साक्षीदाराचा पिंजरा जमिनीपासून पायरीभर वर असतो. त्या वेळचे दुभाषे भाऊराव गुडघ्यांनी बेजार होते. त्यांना दिवसभर उभं राहवत नसे, आणि साध्या खुर्चीत बसलं की साक्षीदाराचं तोंड कुठल्या कुठे वर राही. सुताराने एका माणसाला पिंजऱ्यात उभं केलं, भाऊरावांना फळ्यांच्या ढिगावर बसवलं, आणि ढीग इतका वाढवला की त्यांचा कान त्या माणसाच्या तोंडाजवळ आला. तेवढी माझी उंची. ती ऐटीसाठी नाही, ऐकण्यासाठी आहे.

भाऊराव देगलूरकडचे. तिथल्या बाजारात मराठी, तेलुगू आणि कानडी एकाच पिशवीतून घरी येतात. त्यांचा एक नियम होता. साक्षीदार ‘मी’ म्हणाला की दुभाष्यानेही ‘मी’च म्हणायचं. ‘ती असं म्हणते, तो तसं सांगतो’ हे चालणार नाही. एकदा एक कानडी बाई साक्ष देत होती. भल्या मोठ्या मिशांचे भाऊराव गंभीर चेहऱ्याने म्हणाले, “मी बाळंत झाले, तेव्हा माझ्याजवळ कुणी नव्हतं.”

सगळं कोर्ट हसलं. दाराशी उभा असलेला शिपाई नंदू पुटपुटला, “भाऊराव, बारशाला बोलवा हां.”

भाऊरावांनी मिशीसुद्धा हलवली नाही. बाईचं पुढचं वाक्य ऐकलं आणि म्हणाले, “हसा. मी तेव्हा रडत होते.” मग कुणी हसलं नाही.

पुढे भाऊराव निवृत्त झाले आणि त्यांच्या जागी कुणी आलंच नाही. “मुंबईत हिंदी कुणाला येत नाही?” असं म्हणून काम भागवलं जाऊ लागलं. मला भिंतीकडे ढकललं. माझ्यावर टेबलफॅन आला, फॅनखाली फायली आल्या. कधी कुणाचा डबा, कधी कुणाचं ओलं जॅकेट. मी ते सगळं पेललं, पण आवडीने नाही. रागाने पेललं. सागवान लवकर मोडत नाही, हे एक बरं असतं.

अशाच दिवसांत पिंजऱ्यात मल्लव्वा उभी राहिली.

मल्लव्वा तेलंगणातली. भांडुपला एका इमारतीच्या बांधकामावर विटा वाहायची. नवरा वारला, तशी सासरच्यांनी तिला खोलीतून बाहेर काढलं आणि तिच्या पाच वर्षांच्या लेकीला, अंजीला, ठेवून घेतलं. मल्लव्वाला लेक परत हवी होती. बाकी काही नको होतं, भांडीसुद्धा नको होती.

तिला तेलुगूच नीट येत होती. “कुणी आहे का तेलुगूवालं?” असं विचारल्यावर मुकादम पुढे आला. बांधकामावर मजूर आणून देणारा माणूस तो. त्याने तिलाही कामावर आणलं होतं आणि सासरच्यांनाही तो ओळखत होता. “दोन्हीकडचा आहे, काय अडचण आहे?” असं ठरलं. तो तिच्या शेजारी उभा राहिला. मी भिंतीपाशी फॅन सांभाळत बघत राहिले.

न्यायाधीश मॅडमनी विचारलं, “मुलगी आजीकडे राहायला तुमची हरकत आहे का?”

मल्लव्वा बोलायला लागली. खूप बोलली. मध्येच थांबली, पदराने नाक पुसलं, परत बोलली. दोन्ही हातांनी काहीतरी दाखवत होती. ती गप्प झाल्यावर मुकादम म्हणाला, “आजीकडे ठेवायला तयार आहे म्हणते.”

टायपिंगचा आवाज सुरू झाला. मल्लव्वा त्या आवाजाकडे बघत राहिली. मग कागद आला आणि नंदूने शाईचा डबा पुढे केला. “चल ताई, अंगठा.”

मल्लव्वाने मूठ मिटली. पिंजऱ्याच्या कठड्यावर ती मूठ ठेवली आणि मोडक्यातोडक्या हिंदीत म्हणाली, “मेरा बात इतना था.” तिने दोन्ही हात पसरले. मग मुकादमाकडे बघून चिमूट दाखवली. “इसका इतना. बाकी किधर गया?”

मुकादम ओशाळला नाही. “मॅडम, कशाला लांबण लावायची? मतलब सांगितला ना मी. सुट्टीत पोरगी आजीकडे जाईल म्हणाली, म्हणजे तयारच झाली की.”

सासरचे वकील उठले. “मॅडम, हिला हिंदी येते. मग हिंदीतच होऊन जाऊ दे.”

हे मल्लव्वाला कळलं. ती म्हणाली, “हिंदी में कांदा मांगती मैं. बच्ची नहीं मांगती. बच्ची तेलुगू में मांगूंगी.”

तिची वकील रुचिरा, अगदी तरुण मुलगी, कठड्याजवळ येऊन हळूच खुणा करत सांगू लागली की आज थांबलं तर पुढची तारीख पडेल आणि तोवर अंजी तिकडेच राहील. मल्लव्वाचा चेहरा उतरला. माझ्या फळीला वाटलं, आता ही मूठ उघडेल. तिच्या जागी कुणीही उघडली असती. एकेक रात्र लेकराशिवाय काढायची म्हणजे काय, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना ठाऊक आहे.

मूठ उघडली नाही.

न्यायाधीश मॅडमनी तो कागद परत मागवला. तो जबाब रद्द केला, आणि नोंदणीकृत दुभाषी बोलवा असा हुकूम दिला.

पुढच्या तारखेला घाटकोपरहून चेतना आली. खांद्याला पर्स, पायात चपला, चेहऱ्यावर जराही घाई नाही. तिने चौफेर बघून विचारलं, “दुभाष्याची जागा कुठे आहे?”

“उभ्या राहा ना मॅडम, तिथंच,” नंदू म्हणाला.

“दादा, मी उभी राहीन. पण त्या फॅनखाली आहे ती खुर्ची कुणाची?”

नंदूने डोकं खाजवलं आणि फॅन उतरवला. फायली उचलल्या. माझ्यावरची धूळ हाताने झटकली आणि मला पिंजऱ्याजवळ नेऊन ठेवलं. चेतनाने शपथ घेतली आणि ती बसली. तिचा कान मल्लव्वाच्या तोंडाजवळ आला. मित्रांनो, त्या क्षणी मला जे वाटलं ते सांगायला माझ्याकडे शब्द नाहीत, आणि खुर्चीसाठी कुणी दुभाषी देत नाही.

सासरच्या वकिलांनी विचारलं, “पोरीला एकटी टाकून कामाला जात होतीस ना?”

मल्लव्वा बोलली, आणि चेतनाच्या तोंडून मराठीत आलं, “टाकून नाही. मी विटा वाहायचे तिथे समोर, वाळूच्या ढिगापाशी, छत्री उघडून तिला बसवायचे. वर चढताना ती दिसायची, उतरतानाही दिसायची. मग मुकादमाने मला वरच्या मजल्यांवर पाठवलं. तिथून छत्री दिसेना. मी ते काम सोडलं. तेव्हापासून मुकादम माझ्यावर चिडून आहे.”

मुकादम मागच्या बाकावर होता. तो जमिनीकडे बघू लागला.

“एवढं सविस्तर नको,” वकील म्हणाले. “मतलब सांगा फक्त.”

“मतलब सांगायची शपथ मी घेतलेली नाही,” चेतना म्हणाली. न्यायाधीश मॅडमनी चष्म्यावरून वकिलांकडे पाहिलं आणि पुढे चला अशी मान हलवली.

मल्लव्वाने आणखी एक वाक्य टाकलं. चेतना सरळ वकिलांकडे बघून म्हणाली, “तुम्ही आत्ता इथे आहात. तुमच्या लेकरावर आत्ता कुणाची नजर आहे?”

वकील चमकले. “हे तुम्ही मला विचारताय?”

चेतनाने उत्तर दिलं नाही. तिने त्यांचा प्रश्न तेलुगूत मल्लव्वाला सांगितला, कारण दुभाष्याला स्वतःचं तोंड नसतं. मल्लव्वा म्हणाली आणि चेतनाने पोचवलं, “हो. मीच विचारतेय.”

शेवटी ती म्हणाली, “सुट्टीत अंजी आजीकडे जाईल. आजी तिची आहे. पण मुलगी माझी आहे. मी तिला कुणाला दिलेली नाही.” हे सगळं टाइप झालं. ते तेलुगूत वाचून दाखवल्यावर मल्लव्वाने स्वतःहून शाईत अंगठा बुडवला.

मॅडमनी निकाल दिला आणि अंजी आईकडे आली. उघड्या दारातून मला दिसलं, बाहेरच्या बाकड्यावर मायलेकी बसल्या होत्या. अंजी सारखी बोलत होती, आणि मल्लव्वा तिला मध्ये तोडत नव्हती.

मित्रांनो, मला पॉलिश करा असं मी म्हणणार नाही. माझं मागणं वेगळं आहे. तुमच्यापैकी कितीतरी जण घरी एक भाषा बोलता आणि शाळेत दुसरी. आईबरोबर दवाखान्यात जाता, बँकेत जाता, शाळेच्या ऑफिसात जाता, आणि आईच्या वतीने तुम्हीच बोलता. म्हणजे माझ्यावर न बसताही तुम्ही दुभाषीच. आई भरभरून बोलते, आणि तुम्ही लाजून, कंटाळून डॉक्टरांना सांगता, “पोट दुखतंय.” मग उरलेली आई कुठे गेली?

तिचं सगळं सांगा. लांबलं तर लांबू दे. समोरचा माणूस घड्याळाकडे बघेल. बघू दे.